मासा, साप, खवल्या मांजर आणि फुलपाखरू : यांचे खवले एकाच प्रकारचे मानावेत का?

प्रश्न : खानापूरची विज्ञान शिक्षिका

नमस्कार. खानापूर तालुक्यातील एका मराठी शाळेत मी विज्ञान शिकवते. प्राण्यांच्या बाह्य आवरणाचा विषय निघाला तेव्हा मुलांनी मासा, साप, खवल्या मांजर आणि बोटांना लागणारी फुलपाखराची भुकटी हे सगळे एकाच यादीत घातले. एकाने तर कांद्यालाही त्यात बसवले. हे सर्व खवले एकाच जातीचे आहेत का? नसतील तर मुलांना स्वतः पडताळून पाहता येईल अशी खूण कोणती सांगावी?

उत्तर : जंगलवाट, जांबोटी

मॅडम, हे सर्व खवले एका जातीचे नाहीत. खवला त्वचेच्या कोणत्या थरातून आला आणि तो कशाचा बनला आहे, हे दोन प्रश्न विचारले की फरक लगेच समोर येतो, आणि तो सोलण्याच्या पद्धतीतही दिसतो.

रोहू किंवा कटल्याचा खवला त्वचेच्या आतल्या थरात तयार होतो. तो हाडाच्या जातीचा असून त्यावर पातळ त्वचा असते, म्हणून सुरीने खरवडल्यावर एकेक खवला सुटा निघतो. मासा मोठा होतो तेव्हा खवल्यांची संख्या वाढत नाही, आहेत तेच खवले आकाराने वाढतात आणि त्यांच्यावर वाढीची वर्तुळे उमटत जातात. मत्स्यशास्त्रज्ञ त्यांवरून माशाचे वय ठरवतात. गळालेल्या खवल्याच्या जागी नवा येतो, परंतु त्याच्या मधोमध सुरुवातीच्या वर्षांची वर्तुळे नसतात, त्यामुळे तो वयासाठी निरुपयोगी ठरतो. मासळी बाजारातून मूठभर खवले आणून भिंगाखाली ठेवल्यास मुलांना ही वर्तुळे दिसतील.

सापाचे खवले म्हणजे बाहेरच्याच त्वचेला पडलेल्या, केराटिनने (आपली नखे ज्या द्रव्याची असतात त्याने) कडक झालेल्या घड्या होत. ते सुटे निघत नाहीत. म्हणूनच निरोगी साप कात टाकतो ती बहुधा अखंड असते आणि तिच्यात डोळ्यांवरची पारदर्शक झाकणेही येतात, कारण सापाला उघडमीट करणाऱ्या पापण्या नसतात.

खवल्या मांजराचे खवलेही नखांच्या त्याच द्रव्याचे, केराटिनचेच. ते मंगळुरी कौलांप्रमाणे एकावर एक बसतात. मात्र हा प्राणी सरपटणारा नाही. तो पिल्लांना दूध पाजणारा सस्तन आहे, त्याच्या पोटाकडील भागावर खवले नसतात आणि तोंडात दातही नसतात. मुंग्या आणि वाळवी तो लांब जिभेने टिपतो. त्याच्या खवल्यांत औषधी गुण असल्याचे सिद्ध झालेले नाही, तरीही त्यांच्यासाठी त्याची चोरटी शिकार होते, हे वर्गात अवश्य सांगावे. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत त्याला स्थान आहे, आणि 2016 साली त्याच्या आठही जातींचा आंतरराष्ट्रीय व्यापार रोखण्याचा निर्णय झाला.

उत्तर : पानाफुलांचा नाद, बेळगाव

फुलपाखराची भुकटी यातल्या कशातच बसत नाही. तिचा प्रत्येक कण म्हणजे कायटिनचा (कीटकांचे बाह्य कवच ज्या द्रव्याचे असते त्याचा), चपटा झालेला केस असतो. काही निळ्या छटा रंगद्रव्यामुळे दिसत नाहीत, तर खवल्यांच्या सूक्ष्म रचनेवरून प्रकाश परतल्यामुळे दिसतात. कर्नाटकाचे राज्य फुलपाखरू सदर्न बर्डविंग आणि महाराष्ट्राचे ब्ल्यू मॉरमॉन ही दोन्ही सह्याद्रीतील आहेत, तेव्हा आपल्या मुलांना दोन्हींवर हक्क सांगता येईल. फुलपाखराचे झडलेले खवले पुन्हा येत नाहीत. पंख चिमटीत धरू नयेत ते यासाठी.

कांद्याला यादीत बसवणारा विद्यार्थी हुशार आहे. कांद्याचे पापुद्रे ही पानेच आहेत: आतली अन्न साठवून मांसल झालेली, बाहेरची वाळून कागदी झालेली. आल्याच्या आणि हळदीच्या गड्ड्यांवरही अशी शल्कपर्णे, म्हणजे खवल्यांसारखी पाने, असतात. सुरूच्या झाडाची ‘सुईसारखी पाने’ तर मुळात हिरव्या फांद्या आहेत. खरी पाने म्हणजे त्यांच्या पेरांवरचे दातेरी खवले, आणि ते भिंगाशिवाय नीट दिसत नाहीत.

प्रश्नकर्ती

दोघांचेही आभार. एका मुलाने उसाची कांडी आणली असून तिच्यावर करड्या-काळसर पापुद्र्यांचा थर आहे. ते खवले उसाचे आहेत का?

उत्तर : ऊसपट्टा, चिकोडी

नाही. वर्णनावरून ती खवले कीड वाटते. तिची पिल्ले कांडीवर फिरून जागा धरतात, सोंड रुतवून रस शोषू लागतात आणि नंतर मादीचे पायही उरत नाहीत. वरचे कवच मेणासारख्या स्रावाचे आणि टाकलेल्या कातींचे असते. टाचणीने ते उचलल्यास खाली मऊ किडा दिसेल. पानांच्या आवरणाखाली ती लपते, म्हणून वाळलेले पाचट वेळेवर काढावे लागते. अशा उसाचे बेणे घेऊ नये आणि प्रादुर्भाव जास्त असल्यास खोडवाही (तोडणीनंतर त्याच बुडख्यांतून फुटणारे पुढचे पीक) ठेवू नये. कांडीवर काळे ढालकिडे दिसले तर त्यांना मारू नका, ते हीच कीड खातात. त्या मुलाच्या घरी हे आजच कळवा, कारण लागवडीचे बेणे त्याच शेतातून निघणार असेल तर कीड नव्या फडात जाईल.