भाजीबाजाराची फिल्म आणि न विचारता टिपलेले चेहरे

पेठकर: फ्रेंच दिग्दर्शिका आन्येस वार्दाची 'लोपेरा-मूफ' (१९५८) ही फिल्म पाहिली. सोळा-सतरा मिनिटं पॅरिसचा भाजीबाजार, दारुडे, म्हाताऱ्या. गोष्ट नाही, संवाद नाहीत. एवढं तर मीही मोबाईलवर काढेन.

रानजाई: काढा की! वार्दा तेव्हा पोटुशी होती. घडीची खुर्ची घेऊन रू मूफतार या रस्त्यावरच्या बाजारात जायची, तिच्यावर उभी राहून १६ मिमी कॅमेऱ्यानं टिपायची. सुरुवातीला गरोदर पोट दिसतं, लगेच लाल भोपळा चिरून आतल्या बिया ओरबाडून काढतात. दोन बाळंतपणं झालीत माझी. पोटात गोळा आला तो शॉट बघून. गोष्ट नाही कशी म्हणता?

पेठकर: तुमच्या भावना मान्य. पण त्या दारुड्यांना विचारलं होतं का? माझी आजी मंडईत मेथी विकायची. एकानं तिचा पदरानं नाक पुसतानाचा फोटो काढून प्रदर्शनात लावला. आम्हाला परक्याकडून कळलं. पुढे कितीतरी दिवस आजी तोंडावर पदर घेऊन जुड्या बांधायची.

सायली: विचारूनच काढायचं तर रोजचं जगणं दिसणार कसं? माणूस लगेच केस सारखे करतो.

पेठकर: तुमच्या आजीचं नाक नव्हतं ते, म्हणून बोलवतंय.

सायली: आजीवर कशाला घसरता? सिनेमाची सुरुवात करणाऱ्या ल्युमिएर बंधूंनी फ्रान्समध्ये ल्योंला स्वतःच्याच कारखान्यातून सुटणारे कामगार १८९५ मध्ये पहिल्यांदा टिपले, तेही एकदाच नाही, एकूण तीन वेळा. मालकाच्या कॅमेऱ्याला नाही कोण म्हणणार? तीच फिल्म ७ जुलै १८९६ ला मुंबईत वॉटसन हॉटेलात दाखवली. सिनेमा सुरूच असा झाला.

पेठकर: असा सुरू झाला म्हणून बरोबर ठरतो?

रानजाई: नाही ठरत. पण वार्दा लपून बसली नव्हती, खुर्चीवर उभी होती. लोक थेट तिच्याकडे बघतात. त्या म्हाताऱ्यांची मला कीव आली नाही. याही कधीतरी कुणाच्या पोटात होत्या, एवढंच वाटत राहिलं.

पेठकर: भोपळ्याचा शॉट माझ्याही डोक्यातून जात नाहीये. मोबाईलचं वाक्य मागे घेतो. आजीचं नाही घेणार.

रानजाई: घेऊच नका. तो फोटो आजींना दिला का कुणी?

पेठकर: नाही. ती गेली तेव्हा हार घालायला रेशनकार्डावरचा फोटो मोठा करून आणला.