कायम बापाचीच भूमिका मिळते. पीट पोस्टलथ्वेटचं काय काय बघू?

शशांक_सातपूर
नाशिकच्या अंबड एमआयडीसीत सीएनसी मशीनवर काम करतो, संध्याकाळी हौशी नाटक. राज्य नाट्य स्पर्धेसाठी यंदा चौथ्यांदा बाप करतोय. वय ३१. माझ्या 'मुला'चं काम करणारा माझ्याहून दोन वर्षांनी मोठा आहे! गाल बसलेले, हाडं वर आलेली, त्यामुळे केसांना पांढरं लावलं की झालं, असं सगळ्यांचं म्हणणं. तालमीत एकांनी पीट पोस्टलथ्वेट या इंग्रज नटाचं नाव काढलं. मला फक्त 'ज्युरासिक पार्क'च्या दुसऱ्या भागातला शिकारी आठवतो. आणखी काय बघू? आणि सारखा बाप करून नट अडकतो का, खरं सांगा.

गंगापूररोडचे_काका
शशांक, तुझा प्रश्न वाचून काल रात्री 'इन द नेम ऑफ द फादर' (१९९३) परत लावला. पीट त्यात डॅनियल डे-लुईसचा बाप आहे, जुसेप्पे कॉनलन, खोट्या आरोपात मुलासारखाच तुरुंगात गेलेला. पीटचा जन्म १९४६ चा, डॅनियलचा १९५७ चा. अकरा वर्षांचं अंतर! तरी क्षणभरही शंका येत नाही. मुलगा कोठडीत लहानपणच्या फुटबॉलच्या पदकाचं जुनं दुखणं काढून त्याच्यावर तुटून पडतो, तेव्हा पीटचा चेहरा बघ. तो आपल्या वाक्याची वाट बघत थांबलेला नसतो, ऐकत असतो. या कामासाठी त्याला सहायक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन होतं.

मग लगेच १९८८ चा 'डिस्टंट व्हॉइसेस, स्टिल लाइव्ह्ज' बघ. इथेही बाप, पण लिव्हरपूलमधला, बायकामुलांना मारणारा. नाताळच्या रात्री झोपलेल्या पोरांकडे डोळे भरून बघतो, आणि नंतर जेवणाच्या टेबलावरचा कपडा भांड्यांसकट खाली ओढतो. दोन्ही खरं वाटतं. चेहरा तोच, बाप दोन. अडकणं म्हणशील तर ते बापाच्या भूमिकेमुळे होत नाही रे, प्रत्येक बाप एकसारखा केला की होतं.

'ब्रास्ड ऑफ' (१९९६) मात्र मला सलग बघवत नाही. खाणकामगारांच्या बँडचा प्रमुख डॅनी, छातीत कोळशाची धूळ, खाण बंद व्हायला आलेली. मागे खरी गोष्ट आहे: ग्राइमथॉर्पच्या खाणीचा बँड १९९२ साली लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये राष्ट्रीय स्पर्धा जिंकला, तीही खाण बंद होणार हे जाहीर झाल्यावर काही दिवसांतच. मी ज्या कंपनीत होतो तिथे आमचा कामगार नाट्यसंघ होता. कंपनी बंद झाली तेव्हा नेपथ्याचे फ्लॅट, म्हणजे त्या खोट्या भिंती, भंगारवाल्याच्या टेम्पोत चढताना मी फाटकापाशी उभा होतो. डॅनी अल्बर्ट हॉलमध्ये बोलायला उभा राहतो, तेव्हा मला तो टेम्पो दिसतो.

मेघा_इंदिरानगर
काकांच्या उत्तरात एक भर. प्रत्यक्षात जुसेप्पे आणि त्यांचा मुलगा जेरी (डॅनियलची भूमिका) असे एका कोठडीत राहत नव्हते, ती सिनेमाने घेतलेली मोकळीक आहे. जुसेप्पे १९८० मध्ये तुरुंगवासातच गेले. सिनेमात ते जातात त्या रात्री कैदी खिडक्यांतून पेटते कागद खाली सोडतात. तो प्रसंग चुकवू नकोस.

टीव्हीसाठी 'शार्प' मालिकेतला हेक्सविल (१९९४) बघ, स्वतःच्या टोपीशी बोलणारा. असला किळसवाणा खलनायक मी तरी दुसरा पाहिला नाही. 'इन्सेप्शन'मध्ये (२०१०) पीट मरणाच्या बिछान्यावरचा बाप आहे, जेमतेम काही शब्द बोलतो, पण सगळा डाव त्या बापलेकांच्या नात्यावर उभा आहे. २ जानेवारी २०११ ला पीट गेला, ६४ व्या वर्षी.

गंगापूररोडचे_काका
मेघाताई, बरोबर. एक राहिलं. पीट लिव्हरपूलच्या एव्हरीमन थिएटरात घडला आणि २००८ मध्ये तिथेच परत जाऊन त्याने शेक्सपिअरचा किंग लिअर केला. म्हणजे पुन्हा बापच.

शशांक_सातपूर
काका, काल ते कोठडीचं दृश्य तीनदा बघितलं. आमच्या दुसऱ्या अंकात मुलगा दोन पानं बोलतो. त्या वेळात मी पुढचं वाक्य मनात घोळवत पेपरची घडी घालत असतो, हे मला आत्ता कळलं. आज तालमीत पेपर घेतलाच नाही. हात कुठे ठेवायचे कळेना, पण मुलगा पहिल्यांदाच माझ्याकडे बघून बोलला. साईखेडकर नाट्यगृहात प्रयोग आहे, तारीख लागली की इथेच टाकतो. याल का?

गंगापूररोडचे_काका
येणार. तिसऱ्या रांगेत बसेन, तिथून डोळे दिसतात.