तणनाशक फवारायला परवाना लागतो का?

नमस्कार मंडळी,
इथे अमेरिकेत घरच्या लॉनवर मी दुकानातलं साधं तणनाशक मारते, आजवर परवाना कुणी विचारला नाही. आता लेक सुट्टीत शेजाऱ्यांची लॉन कापून देतो. त्यातले दोघं म्हणतात, तणावरही फवार, वेगळे पैसे देऊ. औषध तेच, पंपही तोच. मग परवाना कशाला?

---

ताई, इथे औषधापेक्षा पैसे कोण देतंय हे बघतात. अमेरिकेत स्वतःच्या जागेत सर्वसाधारण वापराचं औषध मारायला परवाना लागत नाही. पॅराक्वाट या तणनाशकासारखी 'रिस्ट्रिक्टेड यूज' (मर्यादित वापराची) औषधं मात्र प्रमाणपत्रधारकालाच वापरता येतात. पण मोबदला घेऊन दुसऱ्याच्या जागेत फवारलं, तर दुकानात सहज मिळणाऱ्या औषधालाही बहुतेक राज्यांत व्यावसायिक परवाना लागतो. त्याची लेखी परीक्षा असते: एक सामान्य पेपर आणि वर लॉन-बागेचा वेगळा. बऱ्याच ठिकाणी विम्याचा कागदही मागतात. हे सगळं राज्याचं कृषी खातं बघतं (काही राज्यांत पर्यावरण खातं), तिथेच फोन करा. दुकानदाराला विचारू नका, त्याला बाटली विकायची असते.

आणि लेबल घरच्यांनाही कायद्याइतकंच बंधनकारक आहे. 'जरा कडक करू' म्हणून मात्रा वाढवणं हा केंद्रीय कायद्याचा भंग, मग अंगण स्वतःचं का असेना.

---

यात भर घालतो. ब्रिटनमध्ये बाटलीवरच ठरतं: व्यावसायिक वापराचा माल असेल तर प्रमाणपत्र हवं. जुन्याजाणत्या शेतकऱ्यांना स्वतःच्या शेतापुरती सूट होती, तीही नोव्हेंबर 2015 मध्ये संपली. फ्रान्सने तर 2019 पासून हौशी बागवाल्यांना रासायनिक तणनाशक विकणंच बंद केलं. भारतात ग्लायफोसेट या तणनाशकाचा वापर ऑक्टोबर 2022 च्या अधिसूचनेने पेस्ट कंट्रोल ऑपरेटरांपुरता ठेवलाय. गावाकडे शेती असलेल्यांनी हे घरी कळवा.

---

आभारी आहे दोघांची. म्हणजे त्याने नुसतं गवत कापावं. खत टाकायला तर हरकत नाही ना?

---

नुसत्या खताला या परवान्याची गरज नाही. पण पोतं नीट वाचा. 'वीड अँड फीड' (खत आणि तणनाशक एकत्र) असेल तर त्यात बहुधा 2,4-डी असतं, म्हणजे तेही तणनाशकच. पंप नसला, हाताने दाणे फेकले, तरी पैसे घेतले की नियम तोच.