काळ अडवणारा बंधारा: माझ्या कथेतल्या जादूला भोक कुठं आहे?

बावड्याचा_पोरगा
दिवसा उद्यमनगरात लेथ चालवतो, रात्री कादंबरी लिहितो. कल्पनारम्य. छडीवाला जादूगार नको होता, म्हणून लहानपणापासून बघितलेलंच घेतलं. आमच्या कोल्हापुरातल्या कसबा बावड्याचा, पंचगंगेवरचा राजाराम बंधारा.

माझ्या सातगाळा मुलखात पळसई नावाची नदी आहे. तिच्यातनं पाणी नाही, काळ वाहतो. काठावरच्या प्रत्येक गावाला रोज ६० घटिका, म्हणजे आपलेच २४ तास. पावसाळा सरला की बरगेकरी दगडी खांबांच्या खाचांत बरगे, म्हणजे आडव्या फळ्या, सोडतात. दोन रांगा, मधे माती ठासून. एक बरगा पडला की रोजची एक घटिका अडते. आठ पडले की खालच्या गावाचा दिवस ५२ घटिकांचा. दळण जात्यातच राहतं आणि सूर्य बुडतो.

नायिका रखमा, वरच्या गावच्या बरगेकऱ्याची पोरगी. बापावर कर्ज, मुदत चैती पुनवेची. ती रात्री चोरून जादा बरगे सोडते, पुनव लांबते. इथं गाडी अडलीय. बरगा टाकून मुदत लांबत असेल तर कर्ज फेडणार कोण? नियम कुठं आवळू? शेवटी सगळं स्वप्न होतं, असलं सुचवू नका.

पळविपळ
आधी एक ठरवा. अडलेला काळ म्हणजे थांबलेला काळ, की जादा काळ? तुम्ही सोयीनं दोन्ही वापरताय. खाली आठ घटिका कमी झाल्या तर त्या वर साठल्या, म्हणजे वरचा दिवस ६८ घटिकांचा. पुनव लांबेल, मान्य. पण व्याज दिवसावर आहे की घटिकेवर? सावकार मुरलेला असेल तर कागदावर घटिकाच लिहून घेईल आणि ओसरीवर घंगाळात घटिकापात्र सोडून बसेल. तळाला भोक असलेली वाटी. भरून बुडाली की एक घटिका, २४ मिनिटं. दिवसात ६८ वेळा बुडाली तर ६८ घटिकांचं व्याज. रखमा बापाचं कर्ज वाढवतेय.

तांबडा_पांढरा
नाद खुळा! भावा, सोमवारी सकाळच्या दोन घटिका मला उसन्या दे.

कुंभीकाठची
पळविपळ यांचं गणित बरोबर, पण साठलेलं सगळ्यांना सारखं मिळतं हे कुणी सांगितलं? आमचा ऊस नदीकाठाला आहे. बंधारा तुडुंब असला तरी पाणी ज्याची मोटार त्याच्याच रानात जातं. फुगवटा गावाचा, उपसा मोटारवाल्याचा. तुमच्या घटिकाही उपसाव्या लागू देत. काठावर रहाट ठेवा आणि तो सावकाराच्या मालकीचा करा. रखमा जिवावर उदार होऊन बरगे टाकणार, तिच्या वाट्याला त्याच ६०, आणि सावकाराचा दिवस ऐंशी घटिकांचा. बाकीचं गाव झोपलेलं असताना तो हिशेब करत बसलाय. मग कुणीही उठून मुदत लांबवू शकत नाही, हा तुमचा प्रश्नही मिटतो.

आणि उन्हाळ्यात उपसाबंदी लावा. रात्री कुणाची मोटार चालू आहे ते आमच्याकडं सगळ्यांना ऐकू येतं. सांगत कुणी नाही.

बावड्याचा_पोरगा
रहाट घेतला. ओसरीवरचं घंगाळही.

पावसाळ्याचं मी असं धरलंय. पाऊस लागायच्या आत बरगे काढावे लागतात, नाहीतर पूर बंधाऱ्याच्या कडेनं वाट काढतो आणि काठ कापून नेतो. त्या साली रखमाचा बाप अंथरुणाला खिळतो, बरगे तसेच राहतात. तुंबलेला काळ कडेनं फुटतो. वाटेतल्या घरांची छपरं रातोरात कुजतात, गोठ्यातली करडं सकाळी म्हातारी होऊन उभी. बंधाऱ्याच्या खांबावर खुणा कोरल्यात, इशाऱ्याची आणि धोक्याची. राजारामला ३९ फुटांवर इशारा आणि ४३ वर धोका असतो, तसंच. पावसात आमच्या घरी कुणी किती वाजले विचारत नाही, फूट किती झालं ते विचारतात.

पळविपळ
कडेनं फुटलेला काळ शेवटी खालीच जाणार. आठ महिने ५२ वर काढलेल्या गावाला त्या एका रात्री किती घटिका? ती रात्र उजाडणारच नाही. त्यांना घटिका हव्या होत्या सुगीत, मिळाल्या भर पुरात, अंधारात. हे प्रकरण वरच्या गावात बसून लिहू नका.

बावड्याचा_पोरगा
खालच्या गावात माझं एकही पात्र नाही अजून. कुंभीकाठची, वर पाणी अडलं की खालच्या अंगाच्या गावातनं भांडायला येतं कोण? सरपंच?

कुंभीकाठची
सरपंच निवेदन देतो. बरगे काढायला रात्री पोरं येतात, पहारी घेऊन.