मदत हवी आहे: तारकागुच्छ, तेजोमेघांच्या तक्त्यात 'शोधक' कोण लिहू? उद्या दुपारपर्यंत हवंय

रेवती_एम
विज्ञान दिनाचा फ्लेक्स उद्या दुपारी छपाईला द्यायचाय. तक्त्यात 'शोधक' आणि 'साल' असे दोन रकाने आहेत आणि मुलांनी एकेका वस्तूला वेगवेगळी नावं आणि सालं आणलीत. सगळ्यांपुढे मेसिए लिहून मोकळी होऊ का? नावं तशीही 'एम'नेच सुरू होतात. कृपया लिंका देऊ नका, वाचून झाल्यात. नाव आणि साल सांगा.

पश्चिमरंग
कोणत्या वस्तूंचं नाव आणि साल? ते लिहिलंच नाहीत. इयत्ता कोणती?

दुर्बीण्या
काहीही लिहा, पण सरसकट मेसिए लिहू नका. चार्ल्स मेसिए हा धूमकेतूंच्या मागे लागलेला माणूस. १७५८ साली एका धूमकेतूचा माग काढताना त्याला वृषभ राशीत एक अंधूक डाग दिसला. धूमकेतू रोज सरकतो, हा जागचा हलेना. पुन्हा फसगत नको म्हणून त्याने अशा डागांची यादी करायला घेतली. १७७४ मध्ये पहिले ४५ छापले, १७८१ पर्यंत १०३ झाले. थोडक्यात, ती यादी 'यांच्याकडे बघत वेळ घालवू नका' अशी होती. गंमत म्हणजे तो गडी आज ओळखला जातो तो धूमकेतूंपेक्षा या यादीमुळेच. त्यातला पहिला डाग, एम १, इंग्लंडच्या जॉन बेव्हिसने १७३१ मध्येच पाहिला होता. बेव्हिसचं पत्र आल्यावर मेसिएने तसं मान्यही केलं.

आजोबा_७२
ताई, मुलांना तक्ते कसले दाखवता, आकाश दाखवा! १० बाय ५० ची द्विनेत्री घ्या, महागडी दुर्बीण अजिबात नको. फेब्रुवारीअखेर साडेसातच्या सुमारास देवयानी वायव्येला खाली असते, तिला आधी गाठा. मग डोक्यावरचा मृग. बाणाच्या तीन ताऱ्यांखाली जो धुरकट पट्टा दिसतो तो तेजोमेघ. द्विनेत्री हातात थरथरते, कठड्यावर कोपर टेकवायला सांगा.

रेवती_एम
आजोबा, धन्यवाद, पण प्रश्न फ्लेक्सचा आहे. इयत्ता नववी. वस्तू: एम १ (वृषभेतला तेजोमेघ), एम १३ (तारकागुच्छ), एम ३१ (देवयानी दीर्घिका), एम ४२ (मृगातला तेजोमेघ) आणि कृत्तिका. प्रत्येकी एकच नाव. रकाना बोटभर रुंद आहे.

कोकणी_डॅलस
एम ३१ ला अल-सूफी, साल ९६४. यात वाद नाही. इराणात बसून साध्या डोळ्यांनी पाहिलं आणि 'लहानसा ढग' म्हणून ग्रंथात नोंदवलं. युरोपात दुर्बिणीतून पाहून वर्णन केलं ते सिमॉन मारियसने १६१२ मध्ये. पातळ शिंगाच्या पापुद्र्याआडून रात्री मेणबत्ती दिसावी तसं, असं त्याने लिहिलंय. मेसिएने एम ३१ च्या नोंदीत मारियसचंच नाव दिलं, कारण अल-सूफीची नोंद त्याच्यापर्यंत पोचली नव्हती.

दुर्बीण्या
अल-सूफीने ढग पाहिला, मान्य. पण तो ढग म्हणजे आपल्या आकाशगंगेबाहेरची अख्खी दीर्घिका आहे, हे कोणी दाखवलं? १९२० मध्ये वॉशिंग्टनला शॅप्ली आणि कर्टिस यांचा यावरच वाद झाला. शॅप्ली म्हणे, हे सर्पिल ढग आपल्याच पसाऱ्यातले. कर्टिस म्हणे, स्वतंत्र. निकाल लागला एडविन हबलमुळे. माउंट विल्सनच्या १०० इंची दुर्बिणीवर ५-६ ऑक्टोबर १९२३ च्या रात्री घेतलेली काचेची फोटोप्लेट आजही जपून ठेवलीय. हबलने तीन ठिपक्यांशी नवतारा (नोव्हा, एकाएकी उजळणारा तारा) म्हणून 'एन' अक्षर लिहिलं होतं. जुन्या प्लेटांशी ताडून पाहिल्यावर एक ठिपका पुन्हा पुन्हा कमीजास्त होतोय असं दिसलं, तेव्हा तिथला 'एन' खोडून 'व्हीएआर' आणि पुढे उद्गारचिन्ह! चलतारा (इंग्रजीत 'व्हेरिएबल'), सेफीड जातीचा, सुमारे ३१ दिवसांनी तेच चक्र फिरवणारा. त्यावरून अंतर निघालं आणि शॅप्लीचा मुद्दा निकालात निघाला. म्हणून एम ३१ पुढे हबल, १९२३.

अश्विनी_के
आणि त्या ठिपक्यावरून अंतर काढायची रीत कुठून आली? हेन्रिएटा लेव्हिट! हार्वर्डमध्ये प्लेटांवरचे तारे तपासताना तिने लहान मॅगेलनी मेघ या शेजारच्या छोट्या दीर्घिकेतल्या २५ सेफीडांवरून १९१२ मध्ये दाखवलं की ज्याचा आवर्तकाळ (तेज कमीजास्त होण्याच्या एका चक्राचा काळ) जास्त, तो तारा मुळात जास्त तेजस्वी. हबलने तेच वापरलं. पण फ्लेक्सवर दर वेळी हबलचाच फोटो! कॅरोलाइन हर्शलचंही तेच. तिने १७८३ मध्ये स्वतः शोधलेली एनजीसी २५३ दीर्घिका आजही छोट्या दुर्बिणीत दिसते, आणि आपण तिला भाऊ विल्यमच्या वह्या लिहिणारी बहीण करून ठेवलंय.

दुर्बीण्या
ताई, लेव्हिटने देवयानी शोधली नाही.

अश्विनी_के
मग हबलनेही नाही. साध्या डोळ्यांना दिसते ती.

खवचट
हे सगळं आपल्या ऋषींना आधीच माहीत होतं. कृत्तिकांपुढे 'भारत' लिहा आणि विषय संपवा.

पश्चिमरंग
अर्धंच खरं. कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत, असं शतपथ ब्राह्मणात आहे आणि आपल्या शं. बा. दीक्षितांनी त्यावरून त्या ग्रंथाचा काळ काढायचा प्रयत्न केला. म्हणजे निरीक्षण पक्कं होतं. पण कृत्तिका जगात सगळ्यांनाच दिसत होत्या, त्यांना शोधक कसला? तिथे 'प्राचीन काळापासून ज्ञात' लिहा. फार तर गॅलिलिओ, १६१०. दुर्बिणीतून पाहून त्याने तिथे ३६ तारे काढून दाखवले.
बाकीचे: एम १३ ला एडमंड हॅली, १७१४. एम ४२ ला पेरेस्क, १६१०.

शुभांगी_वाई
माझ्या मुलीचं कृत्तिका नक्षत्र आहे, तिला दहावीला विज्ञानात त्रास होईल का? इथे जाणकार दिसताहेत म्हणून विचारलं.

कोकणी_डॅलस
पेरेस्क १६१०, ठीक. पण मृगातला तो मेघ वायूचा आहे हे कधी कळलं, तेही टाका. लॉर्ड रॉसने आयर्लंडमध्ये ७२ इंची आरशाची दुर्बीण उभारली, १८४५ मध्ये तिच्यातून एम ५१ या दीर्घिकेचे सर्पिल हात पाहिले, इथवर झकास. पण मृगाच्या मेघातही त्याला तारे सुटे दिसू लागले! त्यावरून सगळे तेजोमेघ म्हणजे दूरचे तारकागुच्छच, असं पुष्कळांना वाटायला लागलं. ते थांबवलं विल्यम हगिन्सने, तेही बरीच लहान दुर्बीण घेऊन. ऑगस्ट १८६४ मध्ये कालेय तारकासमूहातल्या एका तेजोमेघाचा प्रकाश त्याने वर्णपटदर्शकातून (प्रकाश रंगांत फोडून दाखवणाऱ्या उपकरणातून) पाहिला. ताऱ्यांसारखा सलग पट्टा नाही, नुसत्या तेजस्वी रेषा. म्हणजे तापलेला विरळ वायू. मृगाच्या मेघातही पुढे तेच निघालं. माझ्या मते या तक्त्यात हगिन्स नसेल तर तक्ता लंगडा.

आजोबा_७२
एम ३१ चं अंतर किती टाकलंय? माझ्या जुन्या पुस्तकात साडेसात लाख प्रकाशवर्षे आहे.

पश्चिमरंग
२५ लाख टाका. हबलचा स्वतःचा आकडा नऊ लाखांच्या आसपास होता. वॉल्टर बाडेने १९५२ मध्ये सांगितलं की सेफीड दोन प्रकारचे असतात आणि हिशेब चुकीच्या प्रकारावर चाललाय. त्यासरशी दीर्घिकांची अंतरं दुपटीच्या घरात गेली. आजोबा, ते पुस्तक टाकू नका, पण त्यातला आकडा मुलांना देऊ नका.

रेवती_एम
कोणीतरी एक सांगा हो! अल-सूफी, मारियस की हबल? आणि एम १ ला कोण? मुलांपैकी एकीने १०५४ आणि चीन लिहिलंय, ते खोडू का?

पश्चिमरंग
खोडू नका! १०५४ मध्ये चिनी निरीक्षकांनी तिथे दिवसाही दिसणारा 'पाहुणा तारा' नोंदवला. तो फुटणारा तारा होता आणि एम १ हे त्याचेच अवशेष. म्हणजे स्फोट पाहिला चिन्यांनी, ढग पाहिला बेव्हिसने. दोन्ही खरं आहे, म्हणूनच तुमचा एक रकाना पुरत नाहीये. 'शोधक' काढून टाका आणि दोन रकाने करा: 'पहिली नोंद' आणि 'खरं स्वरूप कळलं'. एम ३१ ला पहिल्यात अल-सूफी ९६४, दुसऱ्यात हबल १९२३, कंसात लेव्हिटची रीत. एम ४२ ला पेरेस्क १६१० आणि हगिन्स. एम १३ मेसिएला तारे नसलेला गोल ढग वाटला होता, त्यातले तारे सुटे दिसले विल्यम हर्शलला. त्यामुळे हॅली आणि हर्शल.

दुर्बीण्या
हे चालेल. पण लेव्हिट कंसात का, बाहेर लिहा. (अश्विनीताई, खूश?)

अश्विनी_के
नाही. कॅरोलाइन कुठेय?

रेवती_एम
दोन रकाने बसतात, अंतराचा रकाना अरुंद केला. लेव्हिट कंसाबाहेर. कॅरोलाइनसाठी खाली एक ओळ करते. शुभांगीताई, मुलीला प्रदर्शनाला घेऊन या.

फ्लेक्सवाला_नगर
मॅडम, मजकूर झाला असेल तर एक ऐका. फाइल देताना फॉन्ट कर्व्ह करूनच (अक्षरांचे आकार करून) द्या. नाहीतर छपाईवाल्याच्या मशीनवर जोडाक्षरं फुटतात आणि 'कृत्तिका'चं काहीतरी भलतंच छापून येतं. अल-सूफीमधली रेघही तपासा, ती हमखास गायब होते.

कोकणी_डॅलस
एम १ पुढे बेव्हिस १७३१ हे पक्कं ना? आणि हगिन्सचं साल राहिलंय.