दशांशाला दशांशाने भागताना शून्य नेमकं कुठे हरवतं? (४.२१६८ ÷ ०.४२)

कच्ची_वही

४.२१६८ ÷ ०.४२ हे गणित मांडणी करून सोडवलं तर तीन उत्तरं निघाली. दोन्ही संख्यांतलं दशांशचिन्ह पार काढून टाकलं तेव्हा १००४. चिन्ह दोन घरं सरकवून केलं तेव्हा एकदा १०.४ आणि एकदा १.४. कॅल्क्युलेटर १०.०४ दाखवतो. चिन्ह किती घरं सरकवायचं हे कोणत्या संख्येवरून ठरतं, आणि मधली शून्यं कुठे गेली?

दुसरी शंका बाकीची. ७.५ ÷ ०.४ म्हणजे ७५ ÷ ४. भागाकार १८, बाकी ३. पडताळा घेतला तर १८ × ०.४ + ३ = १०.२ येतात. ७.५ यायला हवे होते.

पाटीपेन्सिल

पहिल्या शंकेचं सांगतो, बाकीचं कुणीतरी बघा.

किती घरं सरकवायची हे फक्त भाजक ठरवतो. भाजक पूर्ण संख्या झाला की काम संपलं, भाज्यात चिन्ह राहिलं तरी काही बिघडत नाही. भागाकार म्हणजे अपूर्णांकच: वर ४.२१६८, खाली ०.४२. अंश आणि छेद दोन्हींना १०० ने गुणलं तर किंमत तीच राहते, म्हणून ४२१.६८ ÷ ४२. तुम्ही दोन्हीकडची चिन्हं पुसलीत तेव्हा भाज्याला १०,००० ने गुणलंत आणि भाजकाला १०० ने. उत्तर शंभरपट फुगून १००४ झालं.

आता मांडणी. भागाकार उजव्या बाजूला न लिहिता भाज्याच्या डोक्यावर लिहा, घराखाली घर येईल असा. दशांशाच्या गणितात निम्म्या चुका इथेच टळतात. भाज्यातलं चिन्ह जिथे आहे, त्याच्या बरोबर वर भागाकारातलं चिन्ह आधीच देऊन ठेवा.

४२ ला ४२ चा भाग १ वेळा जातो, बाकी ०. हा १ भाज्यातल्या २ च्या डोक्यावर, म्हणजे दशकाच्या घरात.
१ खाली घेतला. १ ला ४२ चा भाग जात नाही, म्हणून १ च्या डोक्यावर ०.
इथे चिन्ह ओलांडलं.
६ खाली घेतला, १६ झाले. अजून भाग जात नाही, ६ च्या डोक्यावर ०.
८ खाली घेतला, १६८ झाले. ४२ × ४ = १६८, बाकी ०. ८ च्या डोक्यावर ४.

उत्तर १०.०४. पहिला अंक वर बसला की पुढे हिशोब सरळ आहे: एक अंक खाली उतरला की एक अंक वर चढलाच पाहिजे, भाग गेला नाही तर शून्य. तुम्ही १, ६, ८ एका दमात उतरवून थेट १६८ ला भाग लावलात की दोन्ही शून्यं बुडतात आणि १.४ येतं. फक्त ६ आणि ८ एकदम उतरवले तर एक शून्य बुडतं, म्हणून १०.४.

तोंडी अंदाज आधी घ्या. ४ ÷ ०.४ = १०, म्हणजे उत्तर दहाच्या आसपास. १००४ आणि १.४ दोन्ही तिथेच बाद. मात्र १०.४ या अंदाजाने पकडलं जात नाही, त्यासाठी गुणूनच बघावं लागतं: १०.४ × ०.४२ = ४.३६८, जमत नाही. १०.०४ × ०.४२ = ४.२१६८, जमतं.

बाकी_शून्य

आता बाकी. १८ बरोबर आहे, ३ ही बाकी त्या जागी चुकीची आहे. दोन्ही संख्या १० पट केल्यावर भागाकार बदलत नाही, पण बाकी १० पट होते. कारण बाकी हा भाज्याचाच उरलेला तुकडा आहे. भाज्य दहापट मोठा केला तर उरलेला तुकडाही दहापट मोठा दिसणार. म्हणून शेवटी बाकीला परत १० ने भागायचं: ०.३. पडताळा: १८ × ०.४ = ७.२, आणि ०.३ मिळवले की ७.५.

७.५ लिटर द्रव ०.४ लिटरच्या बाटल्यांत भरायचं असेल तर १८ बाटल्या भरतात आणि ०.३ लिटर उरतं. ३ लिटर उरलं असतं तर त्यात आणखी सात बाटल्या भरल्या असत्या! बाकी मूळ भाजकापेक्षा मोठी दिसली की समजायचं, ती परत लहान करायची राहिली आहे.

आणि भागाकार १८.७५ असा पुढे न्यायचा असेल तर बाकीचा प्रश्नच उरत नाही. दोन्हीपैकी काय हवंय ते उदाहरणच सांगतं.

समछेद

पाटीपेन्सिल यांच्या पद्धतीला विरोध नाही, पण दोन्ही चिन्हं पुसण्यातही चूक नाही. फक्त आधी दशांश स्थळं सारखी करून घ्यायची. ४.२१६८ आणि ०.४२०० लिहा, मग पुसा: ४२१६८ ÷ ४२००. उत्तर १०.०४ च येतं.

पाटीपेन्सिल

येतं, पण ४२ च्या पाढ्याऐवजी ४२०० शी झगडा होतो आणि उत्तरात चिन्ह कुठे द्यायचं हे पुन्हा ठरवावं लागतं. भाज्यात स्थळं कमी असतील तर मात्र दोन्ही पद्धती एकच होतात. उदा. ६ ÷ ०.०२५. भाजकात तीन स्थळं, भाज्यात एकही नाही, म्हणून ६ पुढे तीन शून्यं: ६००० ÷ २५. इथे एक वेगळाच खड्डा आहे. ६० ला भाग २, बाकी १०. पुढचं शून्य उतरवून १०० ला भाग ४, बाकी ०. बाकी शून्य दिसली की हात थांबतो आणि उत्तर २४ लिहिलं जातं. भाज्यातलं एक शून्य अजून उतरायचं आहे, त्याच्या डोक्यावर ० हवंच. उत्तर २४०.

भाज्य लहान असेल तर शून्यं सुरुवातीला येतात. ०.०१५६ ÷ ०.२६ म्हणजे १.५६ ÷ २६. १ ला भाग नाही, ०. चिन्ह. १५ ला नाही, पुन्हा ०. १५६ ला ६. उत्तर ०.०६.

कच्ची_वही

शून्यांचं आणि बाकीचं दोन्ही कळलं. एकच राहिलं: ५.२ ÷ ०.३३ संपतच नाही. दोन दशांश स्थळांपर्यंत उत्तर हवं असेल तर थांबायचं कुठे?

बाकी_शून्य

५२० ÷ ३३ मांडा. १५ झाल्यावर बाकी २५ उरते. चिन्ह देऊन शून्य घेतलं की २५० ला ७, बाकी १९. १९० ला ५, बाकी पुन्हा २५. तीच बाकी परत आली म्हणजे तेच अंक परत येणार: १५.७५७५७५… इथून पुढे भागत बसण्यात अर्थ नाही, ७५ वर आडवी रेघ द्या.

दोन स्थळांपर्यंत हवं असेल तर नेहमीचा मार्ग म्हणजे तिसरा अंक काढून ५ किंवा जास्त आहे का ते बघणं. त्यापेक्षा झटपट असं: १५.७५ वर थांबा आणि बाकीची दुप्पट करा. २५ ची दुप्पट ५०, ती ३३ पेक्षा जास्त, म्हणून शेवटचा अंक एकने वाढवा: १५.७६. दुप्पट भाजकापेक्षा कमी असती तर १५.७५ च ठेवलं असतं.

इथेही खालची २५ म्हणजे खरी बाकी नाही. ती ५२०.०० च्या शतांश घरात आहे, म्हणजे ०.२५, आणि आपण १०० ने गुणलं होतं म्हणून ०.००२५. पडताळा: १५.७५ × ०.३३ = ५.१९७५, त्यात ०.००२५ मिळवले की ५.२.

समछेद

अंक कमी करून जवळची किंमत घ्यायची ती उत्तराची, भाजकाची आधीच नाही. त्रास वाचवायला ०.३३ चे ०.३ केले तर उत्तर १७.३३ येतं, १५.७६ च्या जवळपासही नाही. भाजक जितका लहान, तितका त्यातला एक अंक उडवल्याचा फटका मोठा.