'तू पातळ झालीस' हे मराठी आहे का?

नौपाडेकर:
ठाण्यात हल्ली कॉलेजातली पोरं सर्रास म्हणतात, 'अगं, किती पातळ झालीस!' माणूस बारीक होतो; पातळ होते ती आमटी. हिंदीतला 'पतला' उचलायचा आणि त्याला मराठी पगडी घालायची! किडकिडीत, हडकुळा, काटकुळा, शेलाटा, सडपातळ असे शब्द घरात असताना उसनवारी कशाला?

ऐरोलीकर:
तुमच्या यादीतला शेवटचा शब्द परत वाचा साहेब. सडपातळमध्ये कुठली आमटी?
'पतला' आणि 'पातळ' ही भावंडं. टर्नर यांच्या भारतीय-आर्य भाषांच्या तौलनिक कोशात दोन्ही संस्कृत 'पत्रल'खाली आहेत. पत्र म्हणजे पान, पत्रल म्हणजे पानासारखं. सप्तचं सात झालं, हस्तचा हात झाला, तसाच इथे पहिला स्वर लांबला आणि 'ल'चा 'ळ' झाला. हे सगळं मराठीत घडलंय. हिंदीतून आणला असता तर हा 'ळ' कुठून आला असता?

नौपाडेकर:
शब्द आपलाच, ते कोण नाकारतंय? वापर उसना आहे. चेहरा लंबगोल असतो, म्हणून उंच माणसाला कुणी 'लंब' म्हणत नाही. जोडशब्दातला तुकडा सुटा चालतोच असं नाही.

कोपरीची काकू:
सासूबाई साडीलाच पातळ म्हणायच्या, मग ती कितीही जाड सुताची असो! आणि 'पोरगी पातळ अंगाची आहे' हे मी लहानपणापासून ऐकतेय. तेव्हा घरात टीव्हीसुद्धा नव्हता, हिंदी कुठून येणार?

नौपाडेकर:
काकू, 'पातळ अंगाची' मान्य. पण त्यात अंग पातळ आहे, पोरगी नाही.

ऐरोलीकर:
व्वा, काय वकिली! बरं, तुमचा लाडका 'बारीक' तरी कुठला? थेट फारसी.

नौपाडेकर:
असेना. तो पार मुरलाय. बारीक लक्ष, बारीक वाळू, बारीक ताप, सगळीकडे आहे. कुळ बघून शब्द वापरत नाही मी, तुम्हीच मघापासून कुंडली मांडताय.

वाशीचा विन्या:
आमच्या ठाणे–वाशी लोकलमध्ये 'ऐरोलीनंतर गर्दी पातळ होते' म्हणतात. तिथे पातळ म्हणजे विरळ. केस पातळ होतात तेही तसंच. एकटा माणूस विरळ कसा होणार? माझं मत नौपाडेकरांना.

ऐरोलीकर:
कागद एकच असतो विन्या, तरी पातळ असतो.